कराचीची रात्र ते एडनचं आखात: नौदलाच्या कारवायांबद्दल वारंवार विचारले जाणारे प्रश्न

4 डिसेंबर जवळ आला की नौदलाबद्दलचे ठरावीक प्रश्न पुन्हा पुन्हा समोर येतात. त्यांची उत्तरं इथे एकत्र दिली आहेत. भर 1971 च्या युद्धावर आहे, कारण आपल्या नौदलाची खरी परीक्षा तेव्हा झाली. त्याच्या आधीचं गोव्याचं प्रकरण आणि अलीकडच्या चाचेगिरीविरोधी मोहिमा यांच्याबद्दलही विचारणा होते, म्हणून तेही घेतलं आहे. वाचताना एक गोष्ट लक्षात ठेवा: समुद्रावर शत्रूवर मारा करणं जितकं अवघड, त्याहून अवघड असतं समोर दिसतंय ते नक्की कोण आहे हे ओळखणं. यातल्या बहुतेक घटना त्या एका मुद्द्यापाशी येतात.

टास्क फोर्स म्हणजे नेमकं काय? ताफा आणि टास्क फोर्स यात फरक काय?

ताफा कायमचा असतो. भारताचा पश्चिम ताफा मुंबईत आणि पूर्व ताफा विशाखापट्टणमला, ही कायमची व्यवस्था आहे. टास्क फोर्स मात्र कामापुरती उभी राहते. काम ठरतं, त्यासाठी लागतील त्या नौका, पाणबुड्या, विमानं एका अधिकाऱ्याच्या हाताखाली दिली जातात आणि काम संपलं की ज्याची त्याची नौका आपापल्या ठिकाणी परतते.

अमेरिकेने दुसऱ्या महायुद्धात, 1943 पासून, याला आकड्यांची शिस्त लावली. पहिला आकडा ताफ्याचा. म्हणून सातव्या ताफ्यातल्या टास्क फोर्सचे क्रमांक सत्तरच्या घरात असतात. टास्क फोर्स 74 चा एक गट 74.1, त्या गटातली तुकडी 74.1.1, असं ते उतरत जातं. आपल्याकडे 1971 मध्ये अशी आकडेमोड नव्हती, पण पद्धत तीच होती: कराचीसाठी वेगळा हल्ला गट बांधला गेला आणि पूर्व पाकिस्तानातल्या (आताच्या बांगलादेशातल्या) खुलन्याच्या नद्यांसाठी ‘फोर्स अल्फा’.

नौदल दिन 4 डिसेंबरलाच का?

4 डिसेंबर 1971 च्या रात्री भारतीय क्षेपणास्त्र नौकांनी कराचीवर हल्ला केला. मोहिमेचं नाव होतं ऑपरेशन ट्रायडेंट. 3 डिसेंबरच्या संध्याकाळी पाकिस्तानी विमानांनी आपल्या विमानतळांवर बॉम्ब टाकले होते. त्याला नौदलाने जवळपास चोवीस तासांत दिलेलं हे उत्तर होतं.

एवढ्या लहान नौका कराचीपर्यंत पोचल्या कशा?

हा सगळ्यात चांगला प्रश्न आहे, आणि दुर्दैवाने तो फार कमी जण विचारतात.

सोव्हिएत संघाकडून भारताने ओसा वर्गाच्या आठ नौका घेतल्या होत्या. प्रत्येक सुमारे 39 मीटर लांबीची, वर चार स्टिक्स क्षेपणास्त्रं. मारा साधारण 40 किलोमीटरपर्यंत. बांधणाऱ्यांच्या मनात यांचा उपयोग एकच होता: आपल्याच बंदराच्या तोंडाशी राहून शत्रूला अडवायचं. इंधन त्या मानानेच भरता येई. मुंबई ते कराची अंतर सुमारे 500 सागरी मैल. जाऊन, लढून, परत येणं या नौकांच्या हिशेबात बसतच नव्हतं.

1971 च्या सुरुवातीला या नौका मोठ्या जहाजांवर लादून भारतात आल्या तेव्हा आणखी एक अडचण निघाली. एवढं वजन उचलणारी क्रेन मुंबई बंदरात नव्हती. म्हणून त्या कोलकात्याला उतरवल्या आणि तिथून भारताच्या टोकाला वळसा घालून दुसऱ्या जहाजांच्या मागे दोराने बांधून मुंबईला ओढत आणल्या. ही नुसती वाहतूक होती, पण तो अनुभव पुढे कामी आला. या नौका दूरवर ओढत नेता येतात, तेवढं त्यांचं इंधन वाचतं आणि इंजिनांचे तासही वाचतात, हे कळलं. त्या वर्षी पश्चिम ताफ्याने याचे सराव केले. दोर कसा बांधायचा, खवळलेल्या समुद्रात तो तुटू नये म्हणून काय करायचं, अंधारात झटपट सोडायचा कसा, असल्या बारीकसारीक गोष्टींवर घाम गाळला गेला.

दुसरी उणीव नजरेची होती. ओसाचं रडार बुटक्या डोलकाठीवर, त्यामुळे दूरचं कमी दिसे. मग सोबत पेट्या वर्गाच्या किल्तान आणि कच्छल या मोठ्या नौका दिल्या. त्यांनी लांबून लक्ष्य हेरायचं आणि क्षेपणास्त्र नौकांनी मारा करायचा. परतीच्या वाटेवर इंधन द्यायला पोशक हे तेलवाहू जहाज. पश्चिम ताफ्याचे ऑपरेशन्स अधिकारी गुलाब हिरानंदानी यांचा या आखणीत मोठा वाटा होता. नौदलप्रमुख होते ॲडमिरल एस. एम. नंदा. त्यांचं बालपण कराचीजवळच्या मनोरा बेटावर गेलं होतं, म्हणजे ज्या बंदरावर हल्ला करायचा ते त्यांच्या पायाखालचं.

माझ्या मते ट्रायडेंटचं यश निम्म्याहून जास्त या दोरात, तेलात आणि रडारच्या जोडणीत आहे. भाषणांत आग आणि धमाकेच सांगितले जातात. ज्यांनी महिनोन् महिने त्या दोराशी झटापट केली त्यांची नावंही फारशी कुठे येत नाहीत.

त्या रात्री नक्की काय घडलं?

निपात, निर्घात आणि वीर या तीन क्षेपणास्त्र नौका आणि सोबतच्या दोन. क्षेपणास्त्र नौकांचे प्रमुख कमांडर बब्रू भान यादव निपातवर होते. दिवसभर गट कराचीच्या दक्षिणेला सुमारे 250 सागरी मैलांवर, पाकिस्तानी विमानांच्या टप्प्याबाहेर थांबला. अंधार पडल्यावर तो उत्तरेला निघाला. पाकिस्तानी हवाई दलाकडे रात्री समुद्रावर हल्ला करायची फारशी क्षमता नाही, हा हिशेब त्यामागे होता.

रात्री पावणेअकराच्या सुमारास निर्घातने पहिलं क्षेपणास्त्र सोडलं. ते पाकिस्तानी विनाशिका खैबरवर जाऊन आदळलं. खैबरवरच्या लोकांनी आकाशातून वेगाने येणारा उजेड पाहिला आणि ते विमान समजले. विमानविरोधी तोफा सुरू झाल्या. शत्रूच्या विमानाने हल्ला केला आहे, बॉयलर निकामी झाला आहे, असा संदेशही त्यांनी मुख्यालयाला पाठवला. त्यात जागाही चुकीची कळवली गेली. थोड्याच वेळात दुसरं क्षेपणास्त्र आलं आणि खैबर बुडाली. चुकीच्या जागेमुळे पाण्यात पडलेल्या खलाशांपर्यंत मदत पोचायला फार उशीर झाला.

निपातने व्हीनस चॅलेंजर हे मालवाहू जहाज बुडवलं आणि शाहजहान या विनाशिकेला निकामी केलं. वीरने मुहाफिज ही सुरुंगशोधक नौका बुडवली. मुहाफिजला संदेश पाठवायलाही सवड मिळाली नाही. तिच्यावरचे वाचलेले खलाशी हाती लागले तेव्हा कुठे कराचीच्या मुख्यालयाला काय घडलं ते समजलं. आपल्या बाजूचा एकही माणूस दगावला नाही.

पुढची गोष्ट कमी सांगितली जाते. या हल्ल्यानंतर कराचीत इतकी धास्ती बसली की 6 डिसेंबरला पाकिस्तानी विमानांनी स्वतःच्याच झुल्फिकार या युद्धनौकेवर भारतीय क्षेपणास्त्र नौका समजून गोळीबार केला. त्यात त्यांची माणसं गेली.

आपले नौसैनिक वायरलेसवर रशियनमध्ये बोलत होते, हे खरं का?

हो. क्षेपणास्त्र नौकांवरच्या लोकांनी व्लादिवोस्तोकला बरेच महिने प्रशिक्षण घेतलं होतं. तिथे रशियन शिकल्याशिवाय गत्यंतर नव्हतं. पुढे तीच भाषा ऐकणाऱ्याला चकवायला उपयोगी पडली.

ऑपरेशन पायथन वेगळं का मोजतात?

कारण तो दुसरा, स्वतंत्र हल्ला होता. 8 डिसेंबरच्या रात्री, खवळलेल्या समुद्रात, विनाश ही एकटी क्षेपणास्त्र नौका त्रिशूल आणि तलवार या फ्रिगेटांसोबत (मध्यम आकाराच्या युद्धनौकांसोबत) गेली. लेफ्टनंट कमांडर विजय जेरथ यांनी चारही क्षेपणास्त्रं डागली. कराची बंदरातल्या केमारीच्या तेलटाक्यांना आग लागली आणि पाकिस्तानी नौदलाचं तेलवाहू जहाज ढाका जायबंदी झालं. गल्फ स्टार हे परदेशी व्यापारी जहाज बुडालं आणि हरमटान या दुसऱ्या जहाजाचं नुकसान झालं. युद्धात नसलेल्यांनाही किंमत मोजावी लागली, हे या रात्रीबद्दल सांगताना गाळू नये.

आयएनएस खुकरी कशी बुडाली?

9 डिसेंबरच्या रात्री, दीवच्या किनाऱ्यापासून सुमारे 40 सागरी मैलांवर. त्या भागात पाकिस्तानी पाणबुडी फिरत असल्याचा सुगावा लागला होता, म्हणून खुकरी आणि किरपाण या फ्रिगेटा तिला शोधायला पाठवल्या. पाणबुडी होती फ्रेंच बनावटीची हँगोर. तिला आपल्या जुन्या सोनारपेक्षा (पाण्याखाली आवाजावरून शोध घेणाऱ्या यंत्रणेपेक्षा) पुष्कळ दूरचं ऐकू येत होतं. त्यातच खुकरीवर सोनारची एक सुधारणा तपासली जात होती, त्यामुळे तिचा वेग कमी ठेवला होता. हँगोरचा पहिला टॉर्पेडो किरपाणला न लागता गेला. दुसरा खुकरीला लागला आणि काही मिनिटांत ती पाण्याखाली गेली.

18 अधिकारी आणि 176 नौसैनिक गेले. कॅप्टन महेंद्रनाथ मुल्ला यांनी स्वतःचं जीवरक्षक जॅकेट दुसऱ्याला दिलं आणि नौका सोडली नाही. 67 जण वाचले. दुसऱ्या दिवशी त्यांना कच्छलने पाण्यातून काढलं. कराचीच्या पहिल्या हल्ल्यात होती तीच ही कच्छल.

दुसऱ्या महायुद्धानंतर पाणबुडीने युद्धनौका बुडवल्याची ही पहिलीच घटना. हँगोरच्या शोधात आपल्या नौका गुंतल्या आणि कराचीवरचा ठरलेला तिसरा हल्ला रद्द करावा लागला. हँगोर सापडली नाही.

ट्रायडेंटचा अभिमान जेवढ्या आवाजात सांगतो तेवढ्याच आवाजात खुकरीबद्दल बोललं पाहिजे, असं मला कळकळीने वाटतं. पाणबुडीविरोधी साधनं जुनी आहेत हे माहीत असूनही ती माणसं शोधाला गेली होती.

गाझी पाणबुडी आपण बुडवली की ती स्वतःहून बुडाली?

गाझी ही मूळची अमेरिकेची डायब्लो, पाकिस्तानला दिलेली. तिला आपली विमानवाहू नौका विक्रांत शोधायला बंगालच्या उपसागरात पाठवलं होतं. पूर्व विभागाचे प्रमुख व्हाइस ॲडमिरल एन. कृष्णन यांनी विक्रांत अंदमानात दडवून ठेवली आणि इकडे राजपूत या जुन्या विनाशिकेकडून विशाखापट्टणमजवळ असे संदेश पाठवले की विक्रांत तिथेच आहे असं वाटावं. गाझी त्या सापळ्यात आली, आणि 3 डिसेंबरच्या मध्यरात्रीच्या सुमारास बंदराच्या तोंडाशी स्फोट होऊन बुडाली. तिच्यावरचं कोणीही वाचलं नाही.

राजपूतने त्या रात्री पाणबुडीविरोधी डेप्थ चार्ज टाकले होते, म्हणून श्रेय राजपूतचं, ही भारतीय नौदलाची भूमिका. पाकिस्तानचं म्हणणं असं की गाझी सुरुंग पेरत होती आणि अपघात झाला. वाद स्फोटाच्या कारणाचा आहे. चकवा यशस्वी झाला याबद्दल मात्र शंका घ्यायला जागा नाही, कारण गाझी विक्रांत जिथे नव्हती तिथे तिला शोधत होती.

विक्रांतमध्ये बिघाड होता म्हणतात. मग ती लढली कशी?

तिच्या एका बॉयलरला तडे गेले होते, म्हणून वेगावर बंधन होतं. विमानवाहू नौकेला वेग लागतो तो विमानं उडवण्यासाठी. समोरचा वारा कमी पडला तर विमान भरल्या वजनाने उडत नाही. तरीही तिला पूर्वेला नेलं, कारण तिथे पाकिस्तानी हवाई दल तोकडं होतं. 4 डिसेंबरपासून तिच्या सी हॉक आणि अलिझे विमानांनी कॉक्स बझार आणि चितगावच्या विमानतळांवर व बंदरांवर हल्ले केले. पूर्व पाकिस्तानातून समुद्रमार्गे निसटायची वाट बंद झाली.

या युद्धात मराठी अधिकारी कोण होते?

बरेच होते. पण एकच नाव घ्यायचं तर मोहन नारायण सामंत. पाणबुडी शाखेतले हे अधिकारी आयएनएस करंज या पाणबुडीचे पहिले कप्तान. 1971 मध्ये त्यांच्याकडे एकदम वेगळं काम आलं.

पूर्व बंगालमधले बंगाली खलाशी आणि विद्यार्थी यांना भागीरथीच्या काठी प्लासीजवळ पोहायला, पाण्याखालून जाऊन जहाजाच्या तळाला सुरुंग चिकटवायला शिकवलं गेलं. 15 ऑगस्ट 1971 च्या रात्री या तरुणांनी चितगाव, मोंगला, चांदपूर आणि नारायणगंज इथली जहाजं एकाच वेळी उडवली. हे ऑपरेशन जॅकपॉट. युद्ध जाहीर व्हायला अजून साडेतीन महिने होते.

डिसेंबरमध्ये सामंतांकडे फोर्स अल्फा आली: आयएनएस पनवेल, आणि पद्मा व पलाश या मुक्तिवाहिनीच्या, म्हणजे बांगलादेशच्या स्वातंत्र्यासाठी लढणाऱ्या दलाच्या, दोन तोफनौका. सुंदरबनातल्या अरुंद, गाळाने भरलेल्या खाड्यांतून ही छोटी तुकडी मोंगलाला पोचली आणि तिथून खुलन्याकडे निघाली. 10 डिसेंबरला खुलन्याजवळ वर विमानं दिसली. विमानं आपलीच होती. ओळख पटावी म्हणून नौकांवर पिवळी खूण केली होती, तरी वैमानिकांनी शत्रू समजून मारा केला. पद्मा आणि पलाश जळाल्या. पलाशच्या इंजिनघरातले रूहुल अमीन यांचा त्यात अंत झाला. बांगलादेशने त्यांना बीरश्रेष्ठ हा आपला सर्वोच्च शौर्यसन्मान दिला. सामंतांनी आणि पनवेलचे कप्तान जे. पी. ए. नोरोन्हा यांनी वाचलेल्यांना काढलं आणि पनवेल लढत राहिली. दोघांनाही महावीर चक्र मिळालं.

ज्या विमानांनी हे केलं ते वैमानिक निष्काळजी होते असं मानणं सोपं आहे, पण न्याय्य नाही. ताशी शेकडो किलोमीटर वेगाने, खाली गोळीबार सुरू असताना, नदीतल्या तीन बोटींवरची पिवळी पट्टी किती क्षण दिसणार? कराचीत झुल्फिकारबाबत चार दिवसांआधी घडलं तेच इथे घडलं. नौदल आणि हवाई दल यांच्यात कोणत्या तासाला कोण कुठे आहे याची माहिती पोचली नाही, तर कापडाची खूण पुरत नाही.

अमेरिकेची एंटरप्राइझ भारतावर हल्ला करायला आली होती का?

राष्ट्राध्यक्ष निक्सन यांच्या आदेशावरून टास्क फोर्स 74 बंगालच्या उपसागराकडे निघाली. तिच्या केंद्रस्थानी एंटरप्राइझ ही अणुशक्तीवर चालणारी विमानवाहू नौका. आपल्या विक्रांतच्या चौपट आकाराची. उघड कारण अमेरिकी नागरिकांना बाहेर काढण्याचं दिलं गेलं. प्रत्यक्षात तो दबाव होता, भारतावर आणि सोव्हिएत संघावरही. ऑगस्टमध्ये भारत-सोव्हिएत करार झालेला होता आणि सोव्हिएत नौका व पाणबुड्याही त्या बाजूला सरकल्या. एंटरप्राइझ उपसागरात पोचली तोवर ढाक्याचा निकाल लागत आला होता. 16 डिसेंबरला शरणागती झाली. एक गोळीही न झाडता टास्क फोर्स परतली.

1961 च्या गोवामुक्तीत नौदलाने काय केलं?

नौदलाची गस्त डिसेंबरच्या सुरुवातीपासूनच गोव्याबाहेर होती. 18 डिसेंबर 1961 ला बेटवा आणि बियास या फ्रिगेटांनी मुरगावच्या बंदरात अफोन्सो द अल्बुकर्क या पोर्तुगीज युद्धनौकेशी तोफांची लढाई केली. पोर्तुगीज कप्तान जखमी झाला, नौकेला आग लागली आणि ती बांबोळीजवळ किनाऱ्याला लावण्यात आली. दीवला क्रूझर आयएनएस दिल्ली होती.

दुःखाची बाजू अंजदीव बेटाची. आयएनएस त्रिशूलवरून नौसैनिकांची तुकडी उतरवली. बेटावरच्या सैनिकांनी शरण येत असल्याची खूण दाखवून नंतर गोळीबार केला, असं नौदलाच्या नोंदी सांगतात. सात नौसैनिक तिथे पडले. दहा वर्षांनी पायथनमध्ये गेलेली त्रिशूल ती हीच.

मराठा आरमाराचा आजच्या नौदलाशी खरा संबंध किती?

संघटना म्हणून सलग परंपरा नाही. आजचं नौदल ब्रिटिशकाळातल्या नौदलातून घडलं. पण नौदलाने हा वारसा जाणीवपूर्वक स्वीकारला आहे. मुंबईतला तळ आयएनएस आंग्रे, लोणावळ्याची अभियांत्रिकी प्रशिक्षण संस्था आयएनएस शिवाजी. नवी विक्रांत 2 सप्टेंबर 2022 ला कोचीत नौदलात आली तेव्हा नवं निशाण फडकलं. त्यातला अष्टकोन शिवाजी महाराजांच्या राजमुद्रेवरून घेतला आहे. 2023 चा नौदल दिन सिंधुदुर्गात झाला.

हल्ली टास्क फोर्स काय करतात? चाचेगिरी संपली नाही का?

बाहरीनमध्ये मुख्यालय असलेल्या बहुराष्ट्रीय सागरी दलाने जानेवारी 2009 मध्ये फक्त चाचेगिरीसाठी टास्क फोर्स 151 उभी केली. भारताने त्याआधीच, ऑक्टोबर 2008 पासून, एडनच्या आखातात स्वतंत्रपणे नौका ठेवायला सुरुवात केली होती. पुढच्याच महिन्यात आयएनएस ताबरने चाच्यांची मुख्य बोट समजून एक बोट बुडवली. तिच्यावर सशस्त्र चाचे होते हे खरं, पण ती पळवलेली थाई मासेमारी बोट होती आणि ओलीस खलाशीही तिच्यावरच होते. पुन्हा तोच ओळखीचा प्रश्न.

त्यानंतर पद्धत किती बदलली हे मार्च 2024 मध्ये दिसलं. रुएन हे मालवाहू जहाज चाच्यांनी डिसेंबर 2023 मध्ये पळवलं होतं आणि ते तळासारखं वापरत होते. आयएनएस कोलकाताने भारतापासून सुमारे 2,600 किलोमीटरवर ते गाठलं. चाच्यांनी गोळीबार केला, तरी सरसकट मारा केला नाही. ड्रोनने जहाजावर कोण कुठे आहे ते पाहिलं, जहाजाची चाल बंद पाडली, वाटाघाटी चालू ठेवल्या, आणि हवाई दलाच्या सी-17 विमानातून नौदलाचे मार्कोस कमांडो बोटींसकट समुद्रात उतरवले. सुमारे 40 तास हे चाललं. 35 चाचे शरण आले आणि 17 खलाशी सुखरूप सुटले. चाच्यांना मुंबईत आणून पोलिसांच्या ताब्यात दिलं. 2022 च्या चाचेगिरीविरोधी कायद्यामुळे असा खटला भारतात चालवता येतो.

यातलं काही प्रत्यक्ष पाहता येतं का?

जुनी विक्रांत 1997 मध्ये निवृत्त झाली, बरीच वर्षं मुंबईत संग्रहालय म्हणून होती आणि 2014 मध्ये भंगारात गेली. तिच्या पोलादातून केलेलं स्मारक गोदीच्या लायन गेटसमोर आहे, रस्त्यावरूनच दिसतं. विशाखापट्टणमच्या किनाऱ्यावर कुरसुरा ही पाणबुडी आतून पाहता येते. आतल्या जागेची चणचण बघायला मुलांना जरूर न्या. दीवला खुकरीचं स्मारक आहे. तेच नाव पुढे चालवलेली दुसरी खुकरी निवृत्त झाल्यावर 2022 मध्ये दीव प्रशासनाकडे सोपवली गेली. तिकडे सहलीला गेलात तर समुद्रकिनारा आणि किल्ला यांच्याआधी स्मारकासाठी वेळ काढा.